पुकारा झाला, हजर कोण?



हा अंक तीन महिने उशिरा तुमच्या हातात पडतोय. प्रेसवाल्याची उधारी होती, हे एक कारण झालं. दुसरं असं की संपादक नावाचा जो इसम आहे, म्हणजे मी, तो गोदीत लोखंडाच्या कॉइलींना साखळ्या लावत होता आणि सुट्टी मिळाली की रातच्या एस्टीनं नगर जिल्ह्यात जाऊन तालुक्याच्या कोर्टातल्या बाकड्यावर बसत होता. कविता लिहायला जीव उरला नाही, अंक काढायला कुठून उरणार? तुमच्यापैकी दोघातिघांनी फोन करून शिव्या घातल्या. पण वर्गणी कुणी परत मागितली नाही. उशीर का झाला ते स्टँपपेपरवर लिहून द्या, रोजच्या रोजचा हिशेब द्या, असंही कुणी म्हणालं नाही. उशीर माफ केलात. तुमची कोर्टापेक्षा मोठी जात आहे.

म्हणून या खेपेला उशिरावरच लिहितो.

आमची दोन एकर सात गुंठे जमीन. महारकीची. गावाच्या वढ्याला लागून, निम्मी खडकाळ, निम्मी काळी. आमच्या बापजाद्यांनी ती काही आंदण म्हणून घेतली नव्हती. येसकरकी केली, मेलेली ढोरं ओढली, सरकारी टपाल घेऊन रातबेरात दुसऱ्या गावाला पळाले, चावडीवर उभे राहिले, जोहार मायबाप केला, त्याची ही मजुरी. बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबईच्या कौन्सिलात वतनाविरुद्ध बिल आणलं ते याच गुलामीवर. डिसेंबर १९३९ मध्ये ते आमच्याच जिल्ह्यात, श्रीरामपूर तालुक्यातल्या हरेगावला, महार-मांग वतनदारांच्या परिषदेला येऊन गेले. (त्याच हरेगावात ऑगस्ट २०२३ मध्ये शेळ्या-कबुतरं चोरल्याच्या संशयावरून आपल्या पोरांना झाडाला उलटं टांगून मारलं. चौऱ्याऐंशी वर्षांत गावानं काय वाचलं, तर हे.)

१९५८ च्या कायद्यानं कनिष्ठ वतनं बरखास्त झाली. आकारणीच्या तिप्पट रक्कम मुदतीत भरा आणि जमीन आपल्या नावावर करून घ्या, असा मामला. मुदतीत! पहिला शब्द तिथंच भेटला. आमच्या आज्यानं भरली. कशी भरली कुणास ठाऊक, आजीची पुतळ्याची माळ त्या सालानंतर कुणी पाहिली नाही. जमिनीला अट अशी की कलेक्टरच्या आगाऊ परवानगीवाचून ती कुणाला देता येत नाही. अट चांगली होती. आमच्यासारख्यांची जमीन दोन पायली दाण्यावर जाऊ नये म्हणूनच होती.

आणि ती दोन पायली दाण्यावरच गेली. १९७२ चा दुष्काळ. आजा-आजी खडी फोडायला, वर सुकडी खाऊन. घरात लेकरं. गावातल्या एका बागायतदारानं दोन पोती ज्वारी दिली आणि कागदावर अंगठा घेतला. गहाण म्हणाला. पाऊस झाला, आजा औत घेऊन वावरात गेला, तर तिथं दुसऱ्याचं औत चालू. गहाण नव्हतं, खरेदी होती. कलेक्टरची परवानगी? कलेक्टरला आमचा वढा ठाऊक नाही.

बा शिकलेला नव्हता, पण हट्टी होता. परवानगीशिवायचा व्यवहार बेकायदेशीर, ही गोष्ट त्याला एका रिटायर तलाठ्यानं सांगितली, ती त्यानं डोक्यात खिळ्यासारखी ठोकून घेतली. २०११ साली दिवाणी दावा लावला. एका शाळेच्या वहीत तो तारखा लिहून घ्यायचा, म्हणजे वकिलाच्या कारकुनाकडून लिहून घ्यायचा. ती वही माझ्याकडं आहे. सात वर्षांत त्रेचाळीस तारखा. प्रत्येक तारखेपुढं मी नंतर विचारून विचारून कारण लिहिलं. समन्स बजावलं नाही. साहेब रजेवर. समोरच्या वकिलांच्या घरी लग्न. नकला मिळाल्या नाहीत. साहेबांची बदली. शोकसभा. समोरचा वकील वरच्या कोर्टात. साहेब आले नाहीत. नवीन साहेब. कागद सापडत नाही. त्रेचाळीस वेळा माझा बाप हजर होता आणि व्यवस्था गैरहजर होती. एकदासुद्धा कुणी म्हणालं नाही की आज सरकार गैरहजर, सबब निकाल वादीसारखा!

चव्वेचाळिसावी तारीख डिसेंबर २०१८ मधली.

आमचा तालुका कुसळाचा. दसरा झाला की निम्मा गाव ट्रकात बसतो आणि ऊस तोडायला जातो. आशियातला पहिला सहकारी साखर कारखाना आमच्याच जिल्ह्यात प्रवरेला निघाला म्हणून भाषणं होतात. साखर जिल्ह्यात पिकते, कोयता मात्र जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाला उगवतो. त्या साली बा आणि आई कर्नाटकाच्या हद्दीत एका फडावर होते. उचल घेतलेली. एक दिवस कामावर आलं नाही तर खाडा, आणि खाड्याचे पैसे मुकादम उचलीवर चढवतो. खाडा पडू नये म्हणून शेजारच्या बीड जिल्ह्यात बायांनी गर्भाशयं काढून घेतली, २०१९ साली पेपरात आलं तेव्हा पांढरपेशांना झीट आली होती. मग उतरली. असो. तर बाला यायला जायला मिळून तीन दिवस लागले असते. त्यानं मुकादमाच्या मोबाइलवरून मला फोन केला. म्हणाला, "लेकरा, तारखेला तू जाऊन हुबा ऱ्हा. निस्तं हजर म्हन."

मी एकोणीस वर्षांचा होतो. मॅट्रिक होऊन गावात उंडारून नुकताच मुंबईला आलेलो. गोदीत एका टोळीत चुलत्याच्या वशिल्यानं जागा मिळालेली, तिसरा दिवस. आमच्याकडंही मुकादमच, आणि शब्दही तोच. खाडा. तो म्हणाला, खाडा करायचा तर कर, मग परत येऊ नको, तुझ्यामागं पन्नास उभे आहेत. मी विचार केला, वकील आहे की. पैसे घेतो की. मी गेलो नाही.

वकील त्या दिवशी नगरला होता.

रोजनाम्यात दीड ओळ आहे. पुकारा केला. वादी व वादीचे वकील गैरहजर. प्रतिवादीतर्फे वकील हजर. सबब दावा गैरहजेरीत काढून टाकण्यात येतो. शिपाई दाराशी येऊन तीन वेळा नाव घेतो, माझ्या बापाचं नाव, बापाच्या बापाच्या नावासकट. तो पुकारा मी ऐकला नाही. पण ऐकू येतो. क्रेनचा भोंगा थांबला की ऐकू येतो.

पट्टा पडल्यावर, मे महिन्यात, बा गावी आला तेव्हा कळलं. कुणी कळवलं नव्हतं.

आता कायदा सांगतो, कारण आपल्या पोरांना हा पाठ पाहिजे. दिवाणी प्रक्रिया संहिता, ऑर्डर नऊ. वादी आला नाही आणि प्रतिवादी आला, तर दावा काढून टाकायचा, नियम आठ. मग त्याच कारणावर पुन्हा नवा दावा लावता येत नाही, नियम नऊ. एकच वाट उरते. दावा परत बोर्डावर घ्या म्हणून अर्ज करायचा, गैरहजेरीला पुरेसं कारण दाखवायचं. अर्जाला मुदत तीस दिवस. तीस दिवस गेले तर अगोदर उशीर माफ करा म्हणून दुसरा अर्ज, मुदत कायद्याचं कलम पाच. तिथंही पुरेसं कारण. माणूस मेला तर वारसांनी नव्वद दिवसांत नाव लावायचं, नाही तर दावा आपोआप गळून पडतो. मेलेल्या माणसाचीही गैरहजेरी लागते, गड्यांनो.

फौजदारीकडंही हेच. पोलिसांनी दाद दिली नाही म्हणून एखाद्यानं मॅजिस्ट्रेटपुढं स्वतः फिर्याद नेली आणि तारखेला तो आला नाही, तर समन्स खटल्यात आरोपी सुटतो. नुसता सुटत नाही, निर्दोष सुटतो. जुन्या संहितेत हे कलम २५६ होतं. १ जुलै २०२४ पासून नवी संहिता आली, तिच्यात कलम २७९. नव्यात एवढी सुधारणा आहे की सोडण्याआधी फिर्यादीला हजर राहायला तीस दिवस द्यायचे. बरं केलं. मग माझ्या बापासारख्या दिवाणीवाल्याला आधी तीस दिवस का नाहीत? त्याला तीस दिवस दावा मेल्यावर मिळतात, तेही तो मेल्याचं त्याला ठाऊक नसताना.

आणि हे पाहा. दुसऱ्याच्या जमिनीवर बारा वर्षं उघड कब्जा करून बसलं तर कब्जाच मालकी होतो, अशी तरतूद त्याच मुदत कायद्यात आहे. आमच्या दाव्यात समोरच्याची कैफियत हीच आहे. म्हणजे घेणाऱ्यानं बारा वर्षं दम धरला तर तो मालक, आणि मालकानं एकतीस दिवस लावले तर तो उपरा. उशिराचं माप दोन्हीकडं आहे, पण वजनं वेगळी. बाजारात असं माप धरणाऱ्या वाण्याला आम्ही सोडत नाही.

कोर्टात सगळेच वाईट बसलेत असं मी म्हणत नाही. १९८१ साली रफिक विरुद्ध मुन्शीलाल नावाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की खेड्यातला माणूस वकील देतो, फी देतो, मग तो विश्वासानं घरी गेला तर त्याचं काय चुकलं? वकील आला नाही म्हणून पक्षकाराला शिक्षा नको. अपील परत घेतलं, आणि दोनशे रुपये खर्च त्या गैरहजर वकिलाकडून वसूल करा म्हणून सांगितलं. हा निकाल मी आमच्या वकिलाला दाखवला. ते म्हणाले, "अरे, हा जुना आहे." १९७२ चा अंगठा जुना होत नाही, १९८१ चा निकाल जुना होतो!

१९८७ चा कातिजीचा निकाल तर उशिराच्या प्रत्येक अर्जात वकील टाकतात. उदार राहा, माणूस मुद्दाम उशीर करत नसतो, उशीर करून त्याचाच तोटा असतो, असं त्यात सांगितलेलं. वाचून माझा ऊर भरून आला. मग पाहिलं, उशीर कुणाचा माफ झाला होता? अनंतनागच्या भूसंपादन कलेक्टरचा. चार दिवसांचा. जमीनवाल्यांना जास्त भरपाई मिळाली तिच्यावर सरकारचं अपील होतं. ठीक आहे, चार दिवस म्हणजे काही नाही, माफ करायलाच पाहिजे होते. पण उदारतेची पहिली बोणी कलेक्टरच्या पदरात पडावी, हे नशीब म्हणायचं की काय? एप्रिल २०२४ मध्ये आंध्रातल्या भूसंपादनाच्या एका प्रकरणात मेलेल्या शेतकऱ्यांचे वारस आले, ५६५९ दिवसांच्या उशिरानं. कोर्टानं दार लावलं. पंधरा वर्षं फार झाली, मीही मान्य करतो. सरकारलाही कधी कधी फटका बसतो. २०१२ साली टपाल खात्याचा ४२७ दिवसांचा उशीर माफ केला नाही, फाइल या टेबलावरून त्या टेबलावर फिरत होती हे कारण ऐकून घेतलं नाही. तेव्हा सगळं एकाच बाजूचं आहे असं बोंबलत सुटू नका. बोंबलायचं ते बरोबर जागेवर बोंबला.

बरोबर जागा ही. "पुरेसं कारण" म्हणजे काय, हे कोण ठरवतं? ज्यानं कधी उचल घेतली नाही तो. आजारपण पुरेसं कारण आहे, डॉक्टरचा दाखला पाहिजे. ऊसतोड पुरेसं कारण आहे का? दाखला कोण देणार, मुकादम? आमच्या अर्जाला समोरच्यानं उत्तर दिलंय की वादी "सदर कालावधीत स्वखुशीने परगावी होता". स्वखुशीनं! थंडीत पहाटे तीनला मोळी बांधणारा माणूस स्वखुशीनं फिरायला गेला होता.

करोनात सर्वोच्च न्यायालयानं आपणहून हुकूम काढला. १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२, कुणाचाच उशीर मोजायचा नाही. चांगला हुकूम. माणूस घराबाहेर पडू शकत नाही, तर तारखेला कसा येईल, हे कोर्टाला बरोबर कळलं. कारण तेव्हा वकील, साहेब, कंपन्या, सगळेच अडकले होते. आता सांगा, फडावर बांधलेल्या माणसाला दर साली दसऱ्यापासून पाडव्यापर्यंत लॉकडाऊनच असतो की नाही? त्याचे दिवस कोण वगळणार?

वतनाच्या जमिनीचं दुखणं नुसतं नगरचं नाही. कर्नाटकात १९७८ चा कायदा आहे, दलित-आदिवासींना सरकारनं दिलेल्या जमिनी परत मिळवायचा. २०१७ साली सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं, अर्जाला मुदत लिहिलेली नसली तरी वाजवी वेळेत यायला पाहिजे होतं. वाजवी वेळ! मग त्या एका शब्दावर कैक अर्ज पडले. लोक रस्त्यावर बसले, आणि २०२३ मध्ये तिथल्या विधिमंडळाला कायदा दुरुस्त करून लिहावं लागलं की असल्या अर्जांना मुदत लागू नाही. आपल्याकडं हा विषय कुणाच्या जाहीरनाम्यात आहे? आपल्या पुढाऱ्यांना महामंडळं पाहिजेत. त्यांची हजेरी मंत्रालयात रोज लागते.

ॲट्रॉसिटीच्या केसेस पोलीस चालवतात, तिथं फिर्यादी गैरहजर म्हणून केस जात नाही. तिथं उशीर दुसऱ्या वाटेनं मारतो. आरोपपत्रापासून होता होईल तो दोन महिन्यांत निकाल लागावा असं कायद्याच्या कलम चौदात लिहिलंय. जामखेड तालुक्यातलं खर्डा. २८ एप्रिल २०१४. नितीन आगे, सतरा वर्षांचं पोरगं, शाळेपासून मारत नेलं आणि झाडाला टांगलं. निकाल नोव्हेंबर २०१७, साडेतीन वर्षांनी. मधल्या काळात साक्षीदार एकामागून एक उलटले आणि सगळे सुटले. साक्षीदार कोर्टात देहानं हजर होते, जबानीनं गैरहजर. त्यांना मी शिव्या देणार नाही. साडेतीन वर्षं त्याच गावात, त्याच दुकानातून मीठ घेऊन, त्याच विहिरीवरून पाणी आणून माणूस किती ताठ राहील? उशीर हा त्यांच्या मानेवर ठेवलेला गुडघा आहे. नेवासा तालुक्यातल्या सोनईला १ जानेवारी २०१३ रोजी तीन मेहतर पोरांना कापलं, ती केस नगरमधून काढून नाशिकला नेली, सरकारी वकील उभा राहिला, आणि २०१८ साली सहा जणांना फाशी सुनावली गेली. फाशी बरोबर की चूक हा वाद वेगळ्या अंकात घालू. पण गावापासून केस लांब नेली, साक्षीदाराला पाठीशी माणूस दिसला, की तो हजर राहतो एवढं तरी त्यातनं कळतं.

मला हसू येतं ते एका गोष्टीचं. हजेरीचा आम्हाला केवढा सराव! महाराची हजेरी चावडीवर. पारध्याची हजेरी पोलीस पाटलाकडं, १८७१ च्या गुन्हेगार जमातींच्या कायद्यानं, तो कायदा १९५२ साली उठेपर्यंत, आणि उठल्यावरही. शाळेत हजेरी घेताना गुरुजी आमचं आडनाव जरा वेळ चघळून घ्यायचे. आमचे बापजादे शंभर पिढ्या "आलो जी" म्हणत पळाले. इतिहासात ज्यांनी कधी खाडा केला नाही त्यांची पोरं, ती आता गैरहजर म्हणून काढून टाकली जातात.

देशातल्या कोर्टांत पाच कोटींच्या आसपास प्रकरणं तुंबलेली आहेत. ती कमी करा म्हणून वरून ताण असतो. माझ्या बापाचा दावा गेला तेव्हा तो "निकाली" या रकान्यात गेला. कुठंतरी एका तक्त्यात त्या महिन्यात कामगिरी एकानं वाढली. आमचा पराभव कुणाच्या तरी कामाचा पुरावा म्हणून चिकटवलेला आहे.

तर करायचं काय? कोर्ट जाळा म्हणणारे मित्र माझ्या खोलीवर येतात, चहा पितात, काडेपेटी माझीच वापरतात. त्यांना मी महाडची गोष्ट सांगतो. चवदार तळ्याचा दावा सवर्णांनी डिसेंबर १९२७ मध्ये लावला. हायकोर्टाचा निकाल १७ मार्च १९३७ ला आला. नऊ वर्षं आणि वर तीन महिने. बाबासाहेब गोलमेज परिषदेला जाऊन आले, पुणे करार झाला, येवल्याला धर्मांतराची घोषणा झाली, आणि तेवढ्यात ही केस चालूच होती, तारखा पडतच होत्या. त्यांनी तळ्यावर पाणीही प्यायलं आणि कोर्टातला कागदही सोडला नाही. दोन्ही. आपण पहिल्याचा वर्धापनदिन करतो आणि दुसरं विसरतो, कारण दुसऱ्यात मिरवणूक नाही.

म्हणून आमच्या तालुक्यातल्या पोरांनी एक वही काढायची ठरवलीय. साधी शंभर पानी. ऊसतोडीला, वीटभट्टीला, मुंबई-पुण्याला गेलेल्या आपल्या प्रत्येक घराची केस तिच्यात लिहायची. नंबर, वकील, पुढली तारीख. प्रत्येक केसला आता सोळा अक्षर-आकड्यांचा सीएनआर नंबर असतो, तो मोबाइलवर ई-कोर्ट्सच्या ॲपात टाकला की तारीख दिसते. बाच्या वेळी मला हे माहीत असतं तर! गावात राहिलेल्या पोरांनी पाळी लावून रोज साडेदहाला कोर्टाच्या दाराशी उभं राहायचं. त्यांना वकिली करता येणार नाही. पण आदल्या दिवशी वकिलाला आठवण देता येते, वकील नगरला असला तर त्याच्या कोटवाल्या पोऱ्याला धरून मुदतीचा अर्ज टाकायला लावता येतं, आणि काढून टाकलं तर त्याच संध्याकाळी फडावर फोन करता येतो. तीस दिवस त्या फोनपासून कामाला येतात.

आणखी एक. १९८७ च्या विधी सेवा कायद्याच्या कलम बारात आपल्याला फुकट वकील आहे. अनुसूचित जाती-जमातीच्या माणसाला उत्पन्नाची अट नाही, बाईला नाही. तालुक्याच्या कोर्टातच समितीची खोली असते, जातीचा दाखला घेऊन जा. वकील फुकटातला म्हणून चांगला असेल असं नाही, पण विकतचा तरी कुठं होता? ॲट्रॉसिटीच्या साक्षीदाराला जाण्यायेण्याचं भाडं आणि बुडालेली मजुरी मिळायला पाहिजे, १९९५ च्या नियमात आहे. मागा. मागताना लाजू नका, ती भीक नाही, खाड्याची भरपाई आहे.

ही वही मी काढली म्हणून कुणी माझं कौतुक करू नये. मी ज्या दिवशी जायला पाहिजे होतं त्या दिवशी गेलो नाही, म्हणून ती निघाली. बानं मला त्यावरून कधी बोल लावला नाही. मे महिन्यात वकिलाच्या ऑफिसातून बाहेर आल्यावर रसवंतीवर उसाचा रस पाजला. वरनं म्हणाला, "ऊस आपुनच तोडला असंल ह्यो." दोन अर्ज टाकले, एक उशीर माफीचा, एक दावा परत घ्यायचा. मग करोना आला. २०२२ च्या पावसाळ्यात बा गेला. शेवटच्या आठवड्यात ताप डोक्यात गेला होता, तरी दोनदा विचारलं, "तारीख कधी हाय?" त्याचे दिवस केल्यावर मी मुंबईला परतलो आणि वारस लावायचे असतात हे मला सहा महिन्यांनी कळलं. आता उशिराच्या अर्जावर उशिराचा अर्ज चढलाय. मोळीसारखी रचलीय. सगळ्यात खाली, दबलेला, तो मूळ दावा, की वढ्याकडची दोन एकर सात गुंठे कुणाची. त्याबद्दल आजवर एका साहेबानंही एक ओळ लिहिलेली नाही.

गेल्या तारखेला मी साडेदहाला पोचलो. नाव पुकारलं गेलं तेव्हा मी इतक्या मोठ्यानं "हजर" म्हणालो की लोक वळून बघायला लागले. साहेब चष्म्यावरनं बघून म्हणाले, "ओरडू नका, इथं ऐकू येतं." समोरच्या वकिलांनी पुढली तारीख मागितली. मिळाली.

ती डिसेंबरात आहे. आई मामाबरोबर अर्ध्या कोयत्यावर गेलेली असेल. वहीतल्या पाळीप्रमाणं त्या दिवशी दाराशी उभं राहायला एक पोरगा आहे, पण त्याची बारावीची सराव परीक्षा त्याच आठवड्यात येतेय म्हणे. मुकादमाला मी अजून सांगितलेलं नाही.